चौकटीबाहेर राहिलेलं बोलणं: नागपुरातल्या एका व्हिडिओ-कलाकृतीचा प्रकरण अभ्यास

या प्रकल्पात समन्वयाचं काम माझ्याकडे होतं. कलाकाराची आणि सहभागी लोकांची ओळख पटू नये म्हणून नावं गाळली आहेत, काही तपशील बदलले आहेत. निर्णय कुठे अडले, कुणी घेतले आणि कशाच्या आधारावर घेतले, तेवढं मात्र जसंच्या तसं ठेवलं आहे. कॅमेरा घेऊन दुसऱ्याच्या भाषेत शिरणाऱ्या कुणालाही ते कामी पडावं, एवढ्यासाठी हे लेखन.

पार्श्वभूमी

कलाकार चाळिशीची. चित्रकला नागपुरातच शिकली, पण गेली काही वर्षं तिचं काम परफॉर्मन्स आणि व्हिडिओ यांतच आहे. विषय एकच: एकाचं बोलणं दुसऱ्यापर्यंत पोचताना वाटेत त्याचं काय होतं. आधीच्या एका कामात ती इतवारीत धान्याच्या दुकानांपुढे उभी राहून तुरीच्या डाळीचा भाव कधी मराठीत, कधी हिंदीत, कधी वऱ्हाडीत विचारायची आणि दुकानदार कुठल्या भाषेत उत्तर देतो ते टिपायची. या शहरात असल्या कामाला विषय शोधावा लागत नाही. नागपूर १९५६पर्यंत मध्य प्रदेशाची राजधानी, मग मुंबई राज्यात, १९६०पासून महाराष्ट्रात. मराठीत सुरू झालेलं वाक्य इथे हिंदीत संपलं तर कुणाला काही वाटत नाही.

नव्या कामाची कल्पना तिला मेट्रोच्या सीताबर्डी स्थानकावर सुचली. दोन कर्णबधिर मुलं हातांनी गप्पा मारत होती. एक डब्यात चढला, दार लागलं, पण काचेच्या आतून आणि फलाटावरून गप्पा तशाच चालू राहिल्या. ऐकणारी माणसं ज्या ठिकाणी बोलणं थांबवतात, तिथे या दोघांचं काहीच अडलं नाही. यावर तीन पडद्यांचं व्हिडिओ-काम आणि त्याला जोडून एक जिवंत प्रयोग करायचा, असं ठरलं. एका संस्थेकडून छोटं अनुदान मिळालं. संयुक्त राष्ट्रांनी २३ सप्टेंबर हा सांकेतिक भाषांचा आंतरराष्ट्रीय दिवस ठरवला आहे. २०१८पासून तो पाळला जातो. प्रदर्शनाचं उद्घाटन त्याच दिवशी करायचं, हे अनुदानाच्या अर्जातच लिहून टाकलं होतं.

सहभागी पाच जण, सगळे कर्णबधिर. त्यांतल्या तिघांचा संबंध पुढे येईल. एक पन्नाशीतले टेलरकाका. एक तरुण, जो सांकेतिक भाषेत मोबाइलवर छोटे व्हिडिओ करून मित्रांना पाठवतो. आणि हिंगणा एमआयडीसीत पॅकिंगचं काम करणारी एक ताई. दुभाषी म्हणून काकांचीच मुलगी होती. ती ऐकू शकते, आईवडील दोघंही कर्णबधिर, त्यामुळे ती भाषा तिला घरातून मिळालेली.

काका आणि तो तरुण यांच्या खुणांत फरक होता, आणि त्यामागे इतिहास आहे. १८८०मध्ये मिलानला भरलेल्या शिक्षकांच्या परिषदेने शाळांमधून सांकेतिक भाषा काढून तोंडी पद्धतीनेच शिकवावं असा ठराव केला. त्याचा परिणाम जगभर झाला आणि आपल्या शाळांतही ओठ वाचणं, आवाज काढणं यावरच भर राहिला. त्या ठरावाबद्दल त्याच परिषदेने अधिकृत खेद व्यक्त केला तो २०१०मध्ये, व्हँकुव्हरला. काका ज्या काळात शिकले तेव्हा वर्गात हात चालवला की पट्टी बसायची. त्यांची भाषा मधल्या सुट्टीत, मैदानावर, मोठ्या मुलांकडून आलेली. तरुणाची भाषा त्यात व्हिडिओंमधून बरीच वाढलेली. भारतीय सांकेतिक भाषेसाठीचं राष्ट्रीय संशोधन केंद्र दिल्लीत २०१५मध्ये सुरू झालं. त्याच्या शब्दकोशात २०१८ला ३,००० शब्द होते, २०२१पर्यंत ते १०,००० झाले. तरुण ते व्हिडिओ पाहत असतो. काकांनी तो शब्दकोश कधी उघडलेला नाही. व्याकरण मात्र बहुतांशी दोघांचं एकच.

अडचण

चित्रीकरण मे महिन्यात झालं. दुपारी नागपुरात काही करणं शक्य नसतं, म्हणून सगळं काम महालमधल्या एका जुन्या वाड्याच्या खोलीत संध्याकाळनंतर. काळा पडदा, एका बाजूने प्रकाश, लांब लेन्स. चौकटीत फक्त हात. मनगटावरच्या शिरा, सुईने टोचून टोचून कठीण झालेलं काकांचं बोट, ताईच्या हिरव्या बांगड्या. संकलनात गती कमी केली. दोन पडद्यांवरचे हात एकमेकांसमोर यावेत म्हणून काही शॉट आडवे उलटवले, डाव्याचं उजवं केलं. खाली हार्मोनियमचा एक लांबवलेला सूर. पाहणाऱ्याचा श्वास रोखला जाईल इतकं ते देखणं झालं होतं, हे मी आजही म्हणेन.

जुलैत कच्चं संकलन सहभागींना दाखवलं. काही मिनिटांतच त्यांनी पडद्याकडे पाहणं सोडून आपसात बोलायला सुरुवात केली. थांबवून विचारलं तेव्हा काका उठले. मुलीने सांगितलं: "बाबा म्हणून राहिले का हात माझेच आहेत. पण मी काय सांगून राहिलो ते यात कुठंच नाही."

काकांनी कॅमेऱ्यापुढे सांगितलेली गोष्ट अशी होती. भाचीच्या साखरपुड्याला चंद्रपूरला जायचं होतं. नागपूर स्टेशनवर ते वेळेआधी पोचले, फळ्यावर लिहिलेल्या फलाटावर जाऊन बसले. ऐन वेळी फलाट बदलल्याची घोषणा झाली, ती लाउडस्पीकरवरून. आजूबाजूची माणसं एकदम उठून पळाली. काकांनी एका हमालाला विचारलं, त्याने जिन्याकडे बोट दाखवलं. जिन्यावर एका टीसीला विचारलं, त्याने परत खाली जायला सांगितलं. तोवर गाडी सुटली होती.

आता ही गोष्ट सांकेतिक भाषेत कशी सांगितली जाते ते पाहू, कारण अडचण नेमकी तिथे आहे. सांगणारा आपल्यापुढच्या मोकळ्या जागेत माणसं मांडतो. हमाल उजवीकडे, टीसी डावीकडे आणि थोडा वर. मग 'विचारणं', 'सांगणं', 'देणं' यांसारख्या क्रियापदांचा हात एका जागेकडून दुसऱ्या जागेकडे जातो. कुणी कुणाला विचारलं हे त्या दिशेतून कळतं. प्रश्नाची खूण वाक्याच्या शेवटी येते. हो-नाहीचा प्रश्न असेल तर भुवया वर जातात, डोळे मोठे होतात. नकाराला मान हलते. म्हणजे वाक्याचा मोठा भाग चेहऱ्यावर आणि छातीपुढच्या हवेत असतो. चौकट मनगटांवर आली की हे सगळं गेलं. राहिली फक्त सुटी सुटी खूण. त्यात काही शॉट उलटवलेले. सगळेच उलटवले असते तर काका डावखुरे दिसले असते, एवढंच. पण एकाच गोष्टीतले काही शॉट उलटवले आणि काही नाही, त्यामुळे हमाल आणि टीसी यांच्या जागा मध्येच बदलल्या. शिवाय मंद प्रकाशात सेकंदाला पंचवीस चौकटींवर (फ्रेम्सवर) घेतल्यामुळे जलद हालणारी बोटं पुसट झाली होती.

घोषणा ऐकू न आल्यामुळे गाडी चुकलेल्या माणसाची गोष्ट आम्ही अशा पद्धतीने मांडली होती की ती त्याच्या भाषेच्या लोकांनाच कळू नये. ऐकणाऱ्यांना तर ती कळण्याचा प्रश्नच नव्हता. त्यांना सुंदर हात दिसणार होते.

समोर असलेले पर्याय

पहिला पर्याय सगळ्यात स्वस्त: आहे ते संकलन ठेवायचं आणि खाली मराठी उपशीर्षकं द्यायची. अनुदान देणाऱ्या संस्थेचा कल याच बाजूने होता. यात ऐकणाऱ्या प्रेक्षकाला गोष्ट कळली असती. कर्णबधिर प्रेक्षकाला मात्र स्वतःच्या भाषेतली गोष्ट सोडून मराठी वाचावी लागली असती, आणि लहानपणापासून सांकेतिक भाषेत वाढलेल्या अनेकांसाठी लिहिलेली मराठी ही दुसरी भाषा असते.

दुसरा पर्याय कलाकाराने मांडला. हे काम माहितीपट नाही, न कळणं हाच त्याचा विषय आहे, तेव्हा गोष्टींचा दावाच काढून टाकू आणि सहभागींच्या संमतीने ते फक्त हातांचं काम म्हणून दाखवू. हा युक्तिवाद मी हलका मानत नाही. कलाकृतीने प्रत्येक गोष्ट समजावून सांगितलीच पाहिजे असं नाही. पण न कळण्याचा अनुभव कुणाला द्यायचा, हे ठरवावं लागतं. जे आयुष्यभर न कळण्याच्या बाजूला उभे आहेत, त्यांनाच तो पुन्हा देण्यात मला कलेचं कुठलंही स्वातंत्र्य दिसत नव्हतं, आणि मी ते त्या बैठकीत बोलूनही दाखवलं.

तिसरा पर्याय पुन्हा चित्रीकरण. चौथा, सगळंच पुढच्या वर्षावर टाकणं. तो लगेच बाजूला पडला, कारण अनुदानाची मुदत संपत होती.

चर्चा वळली ती तरुणामुळे. त्याने मोबाइलवर क्रिस्टीन सन किम हिच्याबद्दलचा मजकूर दाखवला. ती अमेरिकेत जन्मलेली, बर्लिनमध्ये राहणारी कर्णबधिर कलाकार. आवाज, लिपी, सांकेतिक भाषा यांवरच तिचं काम आहे. फेब्रुवारी २०२०मध्ये मायामीला सुपर बोलच्या सामन्याआधी तिने अमेरिकी सांकेतिक भाषेत राष्ट्रगीत सादर केलं, पण दूरचित्रवाणीच्या प्रक्षेपणात ती मोजके क्षण दिसली आणि कॅमेरा खेळाडूंकडे वळला. यावर तिने नंतर न्यूयॉर्क टाइम्समध्ये जाहीरपणे लिहिलं. तरुणाचं म्हणणं सरळ होतं: तिथे कॅमेरा दूर गेला, इथे फार जवळ आला, दोन्हीकडे वाक्य अर्धंच राहिलं. कलाकार बराच वेळ काही बोलली नाही. मग तिने विचारलं की जवळचे शॉट पूर्ण टाकून द्यायचे का. तरुण नाही म्हणाला. त्यालाही ते आवडले होते. त्याला फक्त त्यांच्या शेजारी पूर्ण माणूस हवा होता.

काय केलं

पुन्हा चित्रीकरण करायचं ठरलं, पण सगळं टाकून नाही. मधल्या पडद्यावर पूर्ण माणूस: कमरेपासून डोक्यावर वीतभर जागा सोडून, आणि दोन्ही बाजूंना कोपर पूर्ण पसरेल इतकी मोकळीक. समोरून एकसारखा प्रकाश, म्हणजे नाकाखाली किंवा भुवयांवर सावली नको. कपडे एकरंगी आणि त्वचेशी विरोधी. ताईच्या बांगड्या तिच्या इच्छेने राहिल्या. सेकंदाला पन्नास चौकटी. वाक्य चालू असताना कट नाही. सांगणाऱ्याचे हात जिथे खाली येऊन थांबतात तिथेच कट. उलटवलेले शॉट सगळे रद्द. मेमधले जवळचे शॉट डाव्या-उजव्या पडद्यांवर राहिले, पण मधल्या पडद्यावर जी गोष्ट चालू आहे तिच्यातल्याच खुणा त्या वेळी तिथे दिसतील असे बसवून.

संकलनाच्या टेबलावर तो तरुण रोज बसला आणि त्याला त्याचे पैसे दिले. हे महत्त्वाचं आहे, म्हणून वेगळं सांगते: तो सल्लागार म्हणून येऊन मान डोलावून जाणार नव्हता. कट कुठे पडेल हे थांबवायचा अधिकार त्याला होता आणि त्याने तो पुष्कळदा वापरला.

दुभाषीचा प्रश्न जास्त नाजूक निघाला. काकांची तक्रार काकांचीच मुलगी सांगत होती, आणि तिचं मानधन त्याच प्रकल्पातून जात होतं. ती भाषांतर अचूक करत होती यात शंका नाही. पण एका बैठकीत काकांनी रागाने बरंच काही सांगितलं आणि तिने ते दोन वाक्यांत आटोपलं, तेव्हा तरुणाने तिला तिथेच अडवलं. तिचे डोळे भरून आले. बाप आणि काम यांच्यामध्ये तिला उभं करणं हे आमच्या नियोजनाचं अपयश होतं, तिचं नाही. पुढच्या बैठकांना बाहेरगावाहून प्रशिक्षित दुभाषी बोलावला. त्याचा प्रवास आणि मानधन यासाठी छापील कॅटलॉग रद्द केला. मुलगी नंतर प्रकल्पात राहिली ती आपल्या आईवडिलांबद्दल स्वतःच्या आवाजात बोलणारी सहभागी म्हणून.

संमतीपत्रं आधी कागदावर मराठीत होती आणि सगळ्यांनी सह्या केल्या होत्या. ती बाजूला ठेवून संमती पुन्हा घेतली, सांकेतिक भाषेत, कॅमेऱ्यापुढे, आणि तीन भागांत: दालनात दाखवणं, इंटरनेटवर टाकणं, स्थिरचित्रं छापणं. भाग वेगळे केले आणि उत्तरं वेगळी आली. काकांनी तिन्हीला होकार दिला. ताईने दालनाला होकार, इंटरनेटला नकार. काही दिवसांनी तिने दालनालाही नकार कळवला, सासरच्यांना पसंत नव्हतं. तिची गोष्ट काढली. कंपनीतल्या सायरनच्या जागी लावलेल्या लाल दिव्याबद्दलची ती गोष्ट पाचांत सगळ्यात चांगली होती. कलाकाराला फार लागलं, पण तिने ताईला पुन्हा विचारलं नाही.

उपशीर्षकांवर सहभागींमध्येच दोन तट पडले. काकांना ती हवी होती. रेल्वेच्या माणसाने हे पाहिलं तर त्याला कळलं पाहिजे, एवढंच त्यांचं म्हणणं. तरुणाला नको होती. ऐकणाऱ्यांना काही मिनिटं तरी आमच्या बाजूला बसू दे, असं तो म्हणाला. कर्णबधिर समाजाचं मत काय, असं विचारणाऱ्यांनी ही बैठक पाहायला हवी होती. शेवटी तोडगा काकांनीच काढला: पहिल्या फेरीत उपशीर्षकं नाहीत, तोच व्हिडिओ लगेच दुसऱ्यांदा लागेल तेव्हा असतील. हार्मोनियमचा सूर कलाकाराने स्वतःहून काढला. त्याऐवजी हात छातीवर आपटल्याचा, कपडा सळसळल्याचा, श्वासाचा मूळ आवाज तसाच ठेवला.

निष्पत्ती

२३ सप्टेंबर हुकला. प्रदर्शन ऑक्टोबरात, सिव्हिल लाइन्समधल्या एका दालनात उघडलं. अनुदानाचा शेवटचा हप्ता त्यामुळे अडकला आणि कलाकाराने मधला खर्च स्वतःच्या खिशातून केला.

पहिल्या दिवशी वर्धा आणि भंडाऱ्याहूनही कर्णबधिर मंडळी आली. ती खुर्च्या सोडून पडद्यापुढे जमिनीवर बसली आणि व्हिडिओ चालू असतानाच एकमेकांशी बोलू लागली: स्टेशनची गोष्ट सुरू होताच तीन-चार जणांनी आपापल्या चुकलेल्या गाड्या सांगायला घेतल्या. दालनाच्या माणसाने शांततेची पाटी दाखवली, मग त्याच्याच लक्षात आलं की खोलीत आवाज नाहीच. ऐकणाऱ्या प्रेक्षकांपैकी बरेच जण पहिली फेरी संपायच्या आत उठून गेले. जे थांबले त्यांनी दुसरी फेरी मात्र शेवटपर्यंत पाहिली.

जिवंत प्रयोगात ऐकणाऱ्या एकेका प्रेक्षकाने समोरच्या कर्णबधिर सहभागीकडून न बोलता, न लिहिता एक पत्ता मिळवायचा होता. हा भाग फसला असं माझं मत आहे. लोकांना तो खेळ वाटला, ते हसत, टाळ्या वाजवत, आणि काकांना दोन दिवसांनी त्याचा कंटाळा आला. तिसऱ्या दिवशी प्रयोग थांबवला.

वर्तमानपत्रात बातमी आली ती फक्त हातांच्या छायाचित्रासह. दोष बातमीदाराचा नाही. पोस्टर जुलैआधीच छापून झालं होतं आणि प्रसिद्धीसाठी दिलेली सगळी स्थिरचित्रं मेमधली होती. संकलन बदललं, पण पाकिटातली चित्रं बदलायची राहिली.

वेगळं काय करता आलं असतं

पहिल्याच संध्याकाळी पाच मिनिटांचा कच्चा शॉट सहभागींना मॉनिटरवर दाखवला असता तर चौकटीची अडचण तिथेच कळली असती. संकलनापर्यंत थांबण्याचं काही कारण नव्हतं. चित्रीकरणाच्या वेळी मॉनिटर कलाकार आणि कॅमेरामन यांच्यातच राहतो, ही सवय अशा कामात आधी मोडावी.

स्वतंत्र दुभाषीचा खर्च अंदाजपत्रकात पहिल्या ओळीत हवा, किरकोळ खर्चात नाही. २०१६च्या दिव्यांग हक्क कायद्यात संस्कृती आणि मनोरंजनासाठी वेगळं कलम आहे, कला दिव्यांगांना उपलब्ध व्हावी असं ते सांगतं. अनुदान मागताना त्याचा आधार घेता येतो, आम्ही घेतला नव्हता. घरच्याच माणसाला दुभाषी करणं नागपुरात अनेकदा अपरिहार्य होतं, कारण प्रशिक्षित दुभाषी कमी आहेत. पण निदान तक्रार, पैसा आणि संमती या तीन विषयांच्या बैठकांना तरी बाहेरचा माणूस असावा.

उद्घाटनाची तारीख दिनविशेषाला बांधू नये. त्या तारखेच्या धाकाने जुलैत आम्ही पहिला पर्याय जवळजवळ स्वीकारलाच होता.

ताईच्या बाबतीत मला अजून नक्की उत्तर सापडलेलं नाही. संमती तीन भागांत घेतली तशी ती घरच्यांना विश्वासात घेऊन आधीच घेतली असती तर ती टिकली असती, असं एक मत. घरच्यांना मध्ये आणलं असतं तर तिने सुरुवातीलाच नकार दिला असता आणि ती गोष्ट तिने एकदा मोकळेपणाने सांगितली, तेवढंही झालं नसतं, असं दुसरं. कलाकार दुसऱ्या मताची आहे. मी पहिल्या.

एक व्यवहार अजून मिटायचा आहे. व्हिडिओ-कलाकृती मोजक्या प्रतींच्या आवृत्तीत विकल्या जातात. एका संग्राहकाने विचारणा केली आहे. सहभागींना एकरकमी मानधन मिळालं होतं, विक्रीतल्या वाट्याबद्दल करारात काहीच नव्हतं. कलाकाराने निम्मी रक्कम चौघांत वाटायची तयारी दाखवली आहे. संकलनाच्या टेबलावर बसलेल्या तरुणाचा वाटा इतरांपेक्षा जास्त असावा का, यावर पुढची बैठक आहे. दुभाषी ठरला आहे, तो बाहेरगावचाच.